आप्पा चाली लावतात

आमच्याकडे किस्से शोधावे लागत नाहीत. निवडायला बसलं की सापडतातच. माझे वडील, आप्पा, ठाण्याच्या एका नाटक मंडळीत पदांना चाली लावतात. कुठे सारंगी, कुठे तबला, तेही तेच ठरवतात. शाळेत कुणी विचारलं तर मी लाजून गप्प बसते. म्हणून इथे लिहिते.

*

राजा युद्धाला निघतो, त्या पदाला आप्पांनी कोलशेतच्या खाडीकाठी ऐकलेली एक चाल लावली. पहिल्याच खेळाला राजाने तलवार उपसून पद सुरू केलं आणि मागे बसलेला कोलशेतचा एक म्हातारा उभाच राहिला.

"आरं, राजा लराया चाललाय का हलद लावाया?"

सगळं थेटर हसलं! मालक दादासाहेब मात्र हसले नाहीत. "मास्तर, आणखी एक पद असं पडलं, तर मुंबईहून दुसरे मास्तर आणीन."

*

नायिकेचं काम नानूकाका करतात, मिशा काढून. एका खेळाला त्यांचा घसा बसला. आप्पा घाबरले आणि सारंगीवाल्या खाँसाहेबांच्या कानाशी काहीतरी पुटपुटले. नानूकाकांनी नुसते ओठ हलवले, गायली सारंगी. काय टाळ्या!

आत येऊन नानूकाका म्हणाले, "पाहिलंत मास्तर, आज आवाज कसा लागला!"

खाँसाहेबांनी सारंगी गवसणीत घातली. "माशाल्ला," म्हणाले.

*

घरीही आप्पांची सवय सुटत नाही. मी तांदूळ निवडताना गुणगुणते आणि खडे तसेच राहतात. जेवताना आप्पांच्या दाताखाली खडा आला की ते ओरडतात. मग आई मला धारेवर धरते. "लक्ष कुठे असतं गं तुझं? सासरी गेलीस की..."

आप्पा पाटावरूनच बोट वर करतात. "हं, आता तबला!"

आणि आई खरंच झाकण आपटते!

*

नव्या नाटकात नायिकेच्या विरहाच्या पदाला चाल सुचेना. खेळ चार दिवसांवर. टेंभी नाक्यावर तालमीत दादासाहेब सगळ्यांदेखत म्हणाले, "उद्या चाल नाही, तर परवा दुसरे मास्तर."

दुसऱ्या दिवशी आप्पा सकाळपासून पेटीशी बसले होते. मी बाहेर गुणगुणत तांदूळ निवडत होते. एकदम पेटी थांबली.

"थांबू नकोस!"

मी अर्थातच थांबले.

आप्पा बाहेर आले. "पुढे कसं आहे?"

"मला नाही माहीत."

आप्पा भिंतीकडे तोंड करून बसले. "मी इथे नाहीच, असं समज."

मी सूप पुढे ओढलं.

पदांचं पुस्तक छापायला जाताना दादासाहेबांनी विचारलं, "मास्तर, या पदावर 'चाल' म्हणून कुठलं गाणं छापायचं?"

"छापा, 'तांदूळ निवडताना'."

"लोक विचारतील, हे कुठलं गाणं!"

"विचारू देत."

पहिल्या खेळाला नानूकाकांना त्या पदाला तीन वन्समोर मिळाले. दुसऱ्या मास्तरांचं नाव पुन्हा निघालं नाही.

दुसऱ्या दिवशी जेवताना आप्पांच्या दाताखाली कट्कन वाजलं. आईने माझ्याकडे पाहिलं. मी खाली पाहिलं.

आप्पांनी घास गिळला आणि म्हणाले, "वाढ आणखी थोडा भात."