खोट्या मोहरांचं तबक
भिंगबाईंनी नोकरीत पहिला मार खाल्ला तो पहिल्याच आठवड्यात. एका मुठीत दोन नाणी उचलली म्हणून थोरल्या साहेबांनी लाकडी पट्टी सपकन बोटांवर हाणली. "एका वेळी एक! आणि त्याच्याच चिठ्ठीवर परत. चिठ्ठी हरवली की नाणं पोरकं झालं, कळलं?"

बाईंना इतकं कळलं, की पुढची एकतीस वर्षं संग्रहालयाच्या तळघरात एकही नाणं पोरकं झालं नाही. प्रत्येकाखाली गोल चिठ्ठी, तिच्यावर मुंगीच्या पायांएवढ्या अक्षरात वजन, धातू, कुठं सापडलं ते. धाकटी बहीण चिडायची, "माझा वाढदिवस विसरतेस, आणि मेलेल्या राजांची वजनं पाठ!"

"त्यांची बदलत नाहीत गं. तुझं दर महिन्याला बदलतं."

बाईंचा जीव मात्र एका हंड्यात अडकला होता. पाया खणताना सापडलेल्या त्रेचाळीस सोन्याच्या मोहरा. कुठली आधी पाडली, कुठली नंतर, हा क्रम लावण्यात अकरा वर्षं गेली. सगळा क्रम सतराव्या मोहरेवर टेकलेला: तिच्या एका बाजूला जुन्या राजाचा ठसा, दुसऱ्या बाजूला नव्याचा. तेवढी एकच मोहर दोघांना जोडत होती. पुस्तकाचं शेवटचं प्रकरण तिच्यावरच चाललं होतं.

एका मंगळवारी भर दुपारी तिघं जण तळघरात घुसले. दारावरच्या शिपाईकाकांनी "पास दाखवा" म्हणायचा अवकाश, लोखंडी गज त्यांच्या टाळूवर बसला. काका भिंतीला धरून घसरत खाली आले, भिंतीवर लाल पट्टा ओढत.

"ए म्हातारे, सोनं काढ!" गजवाला गरजला.

बाईंचं डोकं जागेवर होतं. त्यांनी तिसरा खण ओढून तबक पुढं केलं. विद्यार्थ्यांना ओळखायला शिकवण्यासाठी जमवलेल्या खोट्या मोहरा! पितळेवर मुलामा, खऱ्यांपेक्षा दुप्पट झगमगाट. तिघांचे डोळे लकाकले. पिशवीचं तोंड उघडलं, तबक कलंडायला लागलं, आणि इथं एकतीस वर्षांच्या सवयीनं बाईंचा घात केला.

"अहो, ओतताय काय असं! चिठ्ठ्यांसकट न्या ना, ज्याची त्याला!"

गजवाल्यानं एक चिठ्ठी उचलली. मग दुसरी. मग तिसरी. "बनावट. बनावट. अरे वा, हीसुद्धा बनावट! अक्षर झकास आहे हं बाई तुमचं."

गज खाली आला. उजव्या हाताची दोन बोटं वाळक्या काटकीसारखी कडकन मोडली. दुसऱ्यानं गळ्यातली किल्ली दोऱ्यासकट हिसकली. खरा खण उघडला आणि गजवाल्यानं आत पंजा घातला.

बाईंनी अख्खं अंग त्या खणावर लोटलं. जाड सागवानी फळी मनगटावर बसली, आत काहीतरी करकरलं, आणि मघाशी "ए म्हातारे" म्हणून गरजणारा गडी "आई गंऽऽ" म्हणून बोंबलला. बरगडीत लाथ बसली, तोंडावर बुक्की बसली, दात तुटून जिभेखाली आला, तरी बाई खण दाबूनच. तिकडं शिपाईकाका रांगत आले आणि तिसऱ्याच्या पोटरीला कडकडून चावले. वर शिट्ट्या वाजल्या तेव्हा तिघं पळाले. पण गजवाल्याची चेचलेली मूठ उघडली नव्हती.

"बेचाळीस वाचल्या!" संग्रहालयाचे आताचे मोठे साहेब धापा टाकत खाली आले.

बाई रक्त थुंकल्या. "गेली ती कितवी, ते विचारा."

"कितवी?"

"सतरावी."

चुरडलेला हात लपवणार कुठं? नवव्या दिवशी गजवाला दवाखान्याच्या रांगेतच सापडला. चौकीत फौजदारांनी बाईंसमोर कागदाची पुडी उलगडली. आत हरभऱ्याएवढा पिवळा गोळा होता. मोहर वितळली होती.

बाकावर बसलेला गजवाला कुरकुरला, "एवढं काय तोंड पाडताय, बाई? सोनं तेवढंच आहे. काट्यावर घालून बघा की!"

बाई शांतपणे उठल्या आणि त्यांनी प्लास्टरमधला हात त्याच्या जबड्यावर असा हाणला, की जबडा आणि प्लास्टर दोन्ही तडकले. फौजदार खिडकीबाहेर बघत राहिले.

नवं प्लास्टर घालताना डॉक्टरांनी विचारलं, "पडलात का कुठं?"

"नाही, मारलं. आणि हे जरा जाड घाला. खटला अजून उभा राहायचाय."