ते रेकॉर्डिंग चोरलेलं नव्हतं

आमच्या भागातल्या पोरांच्या पंक बँडबद्दल मोबाइलवर अजून लिहून येतं, 'सभेचं रेकॉर्डिंग चोरलं आणि संपले.' वाचलं की डोकं फिरतं. साफ खोटं आहे. ते रेकॉर्डिंग मी दिलं होतं. तेव्हा मी कसबा बावड्याच्या अंगाला एका दूध संस्थेचा सचिव होतो.

बँड तिघांचा. गाणारा रोज सकाळी संस्थेत दूध घालायला यायचा. गिटारवर त्याचा चुलतभाऊ, आणि ड्रमवर एका जैन दुकानदाराची मुलगी. गाणी मिनिटभराची. एक ऊसतोडीची वाट बघून लग्न लांबलेल्या नवरदेवावर, एक जावयाच्या बुलेटवर. कॉलेजच्या गॅदरिंगला मागून कुणीतरी ओरडलं, "पावणं, गायला शिकून कधी येणार?" गाणारा माइकवरूनच म्हणाला, "शिकलो तर तुमच्यागत खाली बसावं लागंल की!" तिथून नाव झालं. कळंब्यापासून बिद्रीपर्यंत बोलावणी येऊ लागली. मग पुण्याहूनही आलं.

एका सकाळी कॅन ओतता ओतता तो म्हणाला, "काका, वार्षिक सभेचं रेकॉर्डिंग हाय न्हवं तुमच्याकडं? तुमचा आवाज लय भारी हाय. गाण्यात घालतो."

आयुष्यभर विषयपत्रिका वाचली, पण आवाजाला भारी कुणी म्हटलं नव्हतं. खूश होऊन पेन ड्राइव्ह मीच भरून दिला.

गाण्यात मी सपाट आवाजात म्हणतो, 'विषय क्रमांक सात.' विषय काय ते कळायच्या आत सभा ओरडते, 'मंजूर! मंजूर!' आणि ड्रम कोसळतात. अशी सभा प्रत्येकाने पाहिलेली, त्यामुळे लोक पोट धरून हसले.

अध्यक्ष हसले नाहीत. गाणाऱ्या पोराला बोलावून घेतलं आणि मला विचारलं, "सेक्रेटरी, हे भायेर गेलं कसं?"

निवृत्तीला आठ महिने होते. मी म्हणालो, "टेबलावरनं उचललं असंल."

पोरानं माझ्याकडं पाहिलं. त्याच्यासमोरच मी प्रोसीडिंग बुकात लिहिलं, 'रेकॉर्डिंग चोरून नेले.' अक्षर माझं, खोटेपणा माझा! त्या पानाचा फोटो कुणीतरी पुण्याला धाडला. तिथला कार्यक्रम रद्द झाला. मुलीच्या वडिलांनी ड्रम विकून टाकले. तिथंच बँड संपला. आणि मी? सत्काराची शाल पांघरून घरी आलो.

गेल्या महिन्यात संस्थेत जाऊन म्हणालो, ते पान दुरुस्त करा. आताचे अध्यक्ष म्हणाले, "काका, जुनं कशाला उकरताय? कोण वाचतंय?" सगळी दुनिया वाचतेय की!

गाणारा आता जळालेल्या पाण्याच्या मोटारी रिवाइंड करतो. मी सगळं लिहून काढतोय म्हटल्यावर त्यानं हातातली तार सोडली नाही. "लिवा. पण मला नगं. ड्रमवालीच्या वडलास्नी दाखवा. त्यांनी तिला चोरांची संगतीण म्हटलं, ते अजून माघारी घेतलं न्हाई."

हे एवढं लिहून काल त्यांच्या दुकानात गेलो. समोर गिऱ्हाईक होतं, तरी त्यांनी उभ्यानं सगळं वाचलं. मुलीला फोन लावला, खालच्या आवाजात म्हणाले, "चुकलं माझं," आणि मोबाइल माझ्यापुढं धरला.

"आता तुम्ही बोला."