बाई उमरेडले जाऊन राहिली

आमच्या गोदामात प्लास्टिकच्या खुर्च्या एकात एक घालून ठेवलेल्या असतात. एक ओढायला जावं तर चार हातात येतात. कोर्टातल्या गोष्टींचं तसंच आहे. इतवारीत माझा बिछायतीचा धंदा. मांडव, गाद्या, खुर्च्या भाड्याने देते. दुपारी कोणी चहाला बसलं की एक गोष्ट निघते, आणि मग चहा तीनदा करावा लागतो.

मूळ भानगड एवढीच. धनराज नावाच्या माणसाने पोरीच्या लग्नाला माझी सगळी बिछायत नेली, चेक दिला, चेक बाउन्स झाला. मी कोर्टात तक्रार टाकली. तर हा चौकात सांगत फिरे, "बुढी कोर्टात गेली. काय वाकडं केलं माहं?" तेव्हाच ठरवलं, ही केस मरू द्यायची नाही.

*

आमचा वकील पराग. पोरगा गुणी, पण एकाच वेळी तीन कोर्टांत उभा. पहिल्या दोन तारखांना मला म्हणाला, "काकू, तुम्ही येऊ नका, मी आहे." तो नव्हता. समन्सचे पैसे भरायचेही राहून गेले.

तिसऱ्या तारखेला मला उमरेडला मांडव घालायचा होता. पराग दुसऱ्या कोर्टात. म्हणून त्याचा मुन्शी बबनराव उभा राहिला. समोर साहेब नवे, कोकणातून बदलून आलेले.

"तक्रारदार कुठे आहेत?"

"साहेब, बाई उमरेडले जाऊन राहिली."

साहेबांनी मान वर केली. "उमरेडला जाऊन राहिल्या? मग पत्ता बदलल्याचा अर्ज द्यायला हवा."

आमच्याकडे 'जाऊन राहिली' म्हणजे निघाली, वाटेत आहे. हे कोकणातल्या माणसाला कोणी सांगावं? बबनरावला वाटलं, साहेबांना कमी ऐकू येतं. तो मोठ्याने म्हणाला, "अर्ज काहून साहेब? संध्याकाळी वापस येऊन राहिली नं."

"सकाळी तिकडे राहिल्या, संध्याकाळी इकडे राहणार. मग कोर्टात कधी राहणार?"

समन्सचे पैसे नाहीत, तक्रारदार नाही. तक्रार खारीज.

*

दुसऱ्या दिवशी मीच साहेबांपुढे जाऊन उभी. "साहेब, मी आली. केस परत लावा."

साहेब शांत माणूस. म्हणाले, "आजी, मी काढलेली केस मलाच परत लावता येत नाही. तुम्ही वर जा."

गेले वर. गुडघे धरून चार जिने चढले. शेवटच्या दाराला कुलूप, पुढे चौकीदार बसलेला.

"कुठं जाता आजी?"

"साहेबानं वर जा म्हटलं."

"वर तं पाण्याची टाकी हाय."

वरचं कोर्ट मागच्या इमारतीत होतं. तळमजल्यावर.

*

परागने वरच्या कोर्टासाठी अर्ज लिहून आणला. त्याला वाटलं, मी सही करून मोकळी होईन. मी चष्मा लावला. शाळेत कधी गेले नाही. गिऱ्हाइकांच्या लग्नपत्रिका वाचता वाचता वाचायला शिकले, त्यामुळे एकही ओळ सोडत नाही. पहिलीच ओळ: 'अर्जदार ही गरीब, अशिक्षित, वृद्ध व विधवा आहे.'

"गरीब काहून लिहिलं? चारशे खुर्च्या हायेत माह्या."

खोडलं.

"अशिक्षित असती तं हे वाचलं कोणं?"

खोडलं.

"वृद्ध राहू दे. अन् विधवा?"

"काकू, ते सगळ्याच अर्जांत असते. कॉम्प्युटरमधी तसंच सेव्ह आहे."

"खाली स्कूटरजवळ उभे हायेत ते. जा, विचार त्यांले."

पराग खिडकीतून डोकावला. ह्यांनी खालून हात केला.

*

वरच्या कोर्टाच्या तारखेआधी मी बबनरावला बजावलं, "'राहिला', 'राहिली' तोंडातून काढायचं नाही. शुद्ध बोलायचं." त्याने रात्रभर तयारी केली म्हणे.

पुकारा झाला. पराग नेहमीसारखा गायब. वरच्या कोर्टातल्या साहेबांनी विचारलं, "वकील कुठे आहेत?"

बबनराव शब्द आठवत म्हणाला, "साहेब, ते... मार्गस्थ झाले."

साहेबांना काय ऐकू आलं कोण जाणे. त्यांनी पेन खाली ठेवला. "अरेरे. वय काही फार नव्हतं."

बबनराव म्हणाला, "नाही साहेब, एकतीस."

तेवढ्यात पराग धापा टाकत दारात.

*

मग सुनावणी. धनराजचा वकील म्हणाला, "साहेब, माझ्या अशिलाला समन्स मिळालेलंच नाही. अशी केस होती हेच त्याला ठाऊक नव्हतं. शिवाय या बाई तारखेला येत नाहीत. त्यांना केसमध्ये रस नाही."

मागून धनराज उठला. "खरं हाय साहेब. तिन्ही तारखा मी व्हरांड्यात उभा होतो. बाई एकदाही नाही आली."

वकिलाने त्याचा सदरा ओढला, पण उशीर झाला होता. साहेब म्हणाले, "समन्स मिळालं नाही. मग तारीख कशी कळली?"

"बाईच फोन करे नं साहेब. म्हणे, धनराज, उद्या तारीख हाय, चुकवू नको गा."

पराग कागदांत तोंड घालून बसला. साहेबांनी माझी तक्रार पुन्हा फाइलवर घेतली, खालच्या कोर्टातली पुढची तारीख लिहिली, आणि चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. हे साहेब आमच्याच भागातले.

"आजी, याले फोन करून सांगजा."