चांच्यांच्या घरचं पोर

पोरगं झोपलंय तोवर लिहिते, उठलं की मला काही सुधरू देत नाही. आता ते भिंतीला धरून उभं राहतं, पण मी सांगतेय ते तेव्हाचं, जेव्हा त्याला मानसुद्धा धरता येत नव्हती. सव्वा महिन्याचं होतं, आणि मला दिवसभर एकच भीती, की हे श्वास घेतंय का, झोपलं तर एवढं का झोपलं, रडलं तर का रडतंय. सारखं नाकापुढं बोट धरून बघायचे. माझी माय हसायची, म्हणायची, "बोट काढ, त्यान्हा वारा आडस ना!"

मी धानोऱ्याची. तिसरीपर्यंत शाळा शिकले, पुढं शेतात जायला लागले म्हणून सुटली. शाळेतलं बाकी विसरले पण एक धडा राहिला, समुद्रावरच्या चांच्यांचा. मास्तर वाचून दाखवायचे, चांचे म्हणजे समुद्रावरचे दरोडेखोर, जहाजं लुटायचे, माणसं पकडायचे, मग सरकारनं त्यांचा बंदोबस्त केला आणि समुद्र निर्धास्त झाला. आम्ही कोणी समुद्र बघितला नव्हता, पण ऐकून मी मैत्रिणीचा हात धरून बसले होते.

आणि लग्न झालं ते नेमकं त्यांच्याच घरात.

सासर खांडबाऱ्याचं. स्टेशनाजवळ लाकडाची वखार आहे, सासरे तिथं करवत ओढतात, सागाच्या फळ्या पाडतात. आम्ही त्यांना मामा म्हणतो. नवी होते तेव्हा एकदा जेवता जेवता ते सांगायला लागले, त्यांच्या पणजोबांचे कोणी पणजोबा कोकणात एका किल्ल्याखाली गलबतावर वल्हं मारायचे. किल्लेदाराचा परवाना ज्या जहाजाकडे नसेल ते अडवायचं, माल उतरवून घ्यायचा. इंग्रज साहेबाची जहाजं परवाना घ्यायला तयार नव्हती, म्हणून भांडण. मग साहेब तोफा घेऊन आला आणि बंदरात बांधलेली गलबतं पेटवली, एकाची आग दुसऱ्याला लागली, सगळी गेली. गलबत नाही तर खायचं काय, म्हणून हे लोक किनाऱ्यानं सरकत सरकत सुरतेला आले, आणि जहाजाचं लाकूड ज्या जंगलातून येतं तिकडं म्हणून नवापूरच्या डोंगरात. ते इथंच राहिले.

माझ्या तोंडून निघून गेलं, "म्हणजे चांचे?"

सासूबाईंचा हात तव्यावरच थांबला. पण मामा रागावले नाहीत. म्हणाले, "साहेबनी पुस्तकमा तसं लिखं. त्यान्हा बी जहाज व्हतं, आम्हना बी व्हतं. त्यानी जकात लिधी ते सरकार, आम्ही लिधी ते चांचा. भाकर वाढ."

मी वाढली. पण मनातून गेलं नाही. बाळ झालं तेव्हा माहेरी मी त्याचं तोंड निरखून बघायचे, कुठं काही दरोडेखोरासारखं दिसतंय का. मूठ घट्ट, माझे केस धरले की सोडायचंच नाही. मी रडायला लागायचे. मग ते जांभई द्यायचं, इवलंसं तोंड, आणि मला वाटायचं, असू दे बाई, चांचा तर चांचा, माझा आहे.

सव्वा महिना झाला तशी माय आम्हा दोघांना घेऊन खांडबाऱ्याला आली. यांची, म्हणजे नवऱ्याची, ड्यूटी स्टेशनात, संध्याकाळची गाडी रवाना करूनच येणार. आम्ही टेकतो न टेकतो तोच सासूबाईंनी नवी काठवट बाहेर आणली. भाकरीचं पीठ मळायची असते तशीच, लाकडाची, पण केवढी तरी मोठी, मामांनी एका खोडातून कोरलेली, आतून घासून घासून गुळगुळीत केलेली. एका कडेला भोक, त्यात सुताची दोरी.

सासूबाईंनी सांगितलं तेव्हा मला कळलं. या घरात पोर सव्वा महिन्याचं झालं की नदीवर नेतात, काठवटीत निजवतात आणि पाण्यावर सोडतात. कोकणातून आलेलं एवढंच त्यांनी ठेवलंय.

माय उभीच राहिली. "याहीनबाई, आम्हनाकडे नातूले कडं घालतस, नदीमा नही टाकतस!"

"टाकस कोन? ठेवतस," सासूबाई म्हणाल्या. "आनी दोरी तुन्ही आंडेरना हातमा ऱ्हास. पोरनी मायनीच धरनी पडस."

"तिले दखा, आत्तेच पोरले सोडी नही ऱ्हायनी!"

"मन्हं बी आसंच व्हयनं व्हतं. तिन्हा नवरा बी आशाच काठवटमा निजना व्हता, नही बुडना ना? बुडता ते तुले जवाई कोठेन मिळता?"

माय हसली, आणि हसली म्हणजे गेलं सगळं. आता माझ्या बाजूनं कोणी उरलं नाही. मी म्हणाले, मी नाही देणार. मामांनी करवतीनं घट्टे पडलेला हात माझ्या डोक्यावर ठेवला, म्हणाले, "नही देवानं ते नको देऊ. नदीवर ते चाल. तठे बी नही म्हन, कोनी काय करत नही."

गावाखाली नदी वळते तिथं पाणी थांबल्यासारखं असतं. दिवाळी होऊन गेली होती, पाणी नितळ, खालचे गोटे दिसत होते. मामा कमरेपर्यंत आत गेले आणि काठवट धरून उभे राहिले. घाई नाही. म्हशी धुणारा एक माणूस पलीकडं बघत उभा होता. मला वाटलं, नाही म्हणावं, पण मामा त्या थंड पाण्यात माझीच वाट बघत होते. मी पोटाशी धरलेलं पोर सासूबाईंना दिलं, त्यांनी मामांना, मामांनी गोधडीच्या घडीवर निजवलं, आणि दोरीचं टोक माझ्या हातात आलं.

मामांनी हात काढले.

काठवट हलली, हळूच गोल फिरली, पुढं निघाली. आणि माझ्या हातांनी, मी नाही, माझ्या हातांनी, दोरी ओढली. मी धानोऱ्याची पोर, लहानपणापासून खोल विहिरीचं पाणी शेंदलेलं. हातात दोरी आली की ओढायची, भरभर, हातावर हात, ढिली केली की कळशी गेली. तेवढंच मला ठाऊक. मी खेचत राहिले आणि खेचलं तशी काठवटीची माझ्याकडची कड खाली गेली, खाली, आणि पाणी आत आलं. गोधडी भिजताना मी बघितली. मी आणखी जोरात ओढलं.

"ढील दे!" मामा ओरडले. "बेटा, ढील दे! हाई हीर नही शे! सोड, सोड जराशी!"

सोड म्हणतात! पोर पाण्यावर आणि म्हणतात सोड! मला काही दिसेना. मामा हात पसरून अगदी जवळ होते, त्यांनी धरलं असतं, हे मला आता कळतं, तेव्हा कळत नव्हतं. माय मागं किंचाळली. आणि त्यातच मामांचा आवाज एकदम खाली आला, करवतीपलीकडच्या जोडीदाराला सांगतात तसा, म्हणाले, "ती लाकूडनी शे. ती वर ऱ्हावालेच दखस. तिले ऱ्हाऊ दे."

मी मुठी उघडल्या. टोक अंगठ्याभोवती होतं तेवढंच, बाकी दोरी पाण्यात सैल पडली. काठवटीची कड वर आली. सरळ झाली. माझ्या ओढण्यानंच ती बुडत होती, दुसरं काही तिला बुडवत नव्हतं. पोर रडलं नाही. पाठ भिजलेली, आणि डोळे टक्क उघडे, वरच्या झाडाकडं बघत होतं, पाय झाडत होतं. आणि मग त्यानं धार सोडली, सरळ वर, उन्हात.

सासूबाई आधी हसल्या. मग माय. पलीकडचा म्हशीवालापण हसला. मी रेतीत बसून घेतलं, आणि रडता रडता मीपण हसायला लागले, दोरी तशीच अंगठ्याला.

मामा काठवट ढकलत काठाला आले. पोर उचलून ओलंच माझ्या मांडीवर दिलं. मी त्याला पदरात गुंडाळलं, छातीशी धरलं, त्यानं लगेच तोंड फिरवून शोधायला सुरुवात केली. मामा बाजूला धोतर पिळत उभे होते. मला एकदम विचारावंसं वाटलं, मी म्हणाले, "मामा, समुद्र केवढा असतो?"

त्यांनी धोतर पिळायचं थांबवलं. नदीकडं बघितलं, मग माझ्याकडं, आणि लाजल्यासारखे हसले.

"माले काय मालूम, बेटा? मी तरी कोठे दखा?"