बसून राहण्याची अट

माझे यजमान हडपसरकडच्या एका कारखान्यात फिटर होते. उत्पादन वाढावे म्हणून प्रेस यंत्रावरचे, हात सापडू नये म्हणून बसवलेले संरक्षक झाकण काढायला साहेबांनी सांगितले. यांनी नकार दिला. मग अंतर्गत चौकशीचे नाटक झाले आणि यांना बडतर्फ केले गेले.

कामगार न्यायालयात ते जिंकले. चौकशी अन्यायाची, बडतर्फी बेकायदा, कामावर परत घ्या, असे निवाड्यात स्पष्ट लिहिले होते. त्याच संध्याकाळी ते केस कापून आले. सोमवारी कामावर बोलावतील, अशी त्यांची समजूत होती.

कंपनी उच्च न्यायालयात गेली आणि निवाड्याला स्थगिती मिळाली. अशा वेळी, निकाल लागेपर्यंत कामगाराला शेवटच्या पगाराएवढी रक्कम मिळण्याची सोय कायद्यात आहे. मात्र आपण दुसरीकडे कुठेही कमावत नाही, हे त्याने शपथेवर सांगायचे. वाचताना ही अट वाजवी वाटते. मी ती आमच्या दोन खोल्यांत वर्षानुवर्षे पाहिली आहे. ज्या माणसाचे हात कधी रिकामे नसत, त्याने आपण रिकामे आहोत हे सिद्ध करीत बसायचे.

नारायण पेठेत माझे लहानसे वाचनालय आहे. एका दुपारी माझी दाढ फार ठणकत होती. मी डॉक्टरांकडे गेले, तेवढा वेळ हे काउंटरवर बसले. एका बाईंना त्यांनी पुस्तक बदलून दिले. पुढच्या तारखेला कंपनीने त्या प्रसंगाचा फोटो न्यायालयात दिला. समोरच्या फुटपाथवरून कोणीतरी काढला होता. कामगार व्यवसाय करतो, असे त्यांचे म्हणणे.

आमचे वकील म्हणाले, "वहिनी, यापुढे यांना तिकडे फिरकू देऊ नका."

"अहो, ते माझे यजमान आहेत, पगारी नोकर नाहीत."

"ते मला कळतं. कोर्टाला कळायला दोन-तीन तारखा जातील."

तेवढ्या तारखा गेल्याच. आमचा खुलासा मान्य झाला, पण हे पुन्हा वाचनालयाची पायरी चढले नाहीत. माझा डबा घेऊन कोपऱ्यापर्यंत येत आणि तिथून फोन करीत. शेजारच्या काकूंचा मिक्सर बिघडला तेव्हा म्हणाले, "दुकानात द्या." काकूंना राग आला. काका जिन्यातून मोठ्याने बोलले, "मजा आहे बुवा तुमची, बसून पगार! आम्हाला कोणी काढून का टाकत नाही?"

"अर्ज करून बघा," हे म्हणाले आणि दार लावून घेतले. त्या दिवशी ते जेवले नाहीत.

या उन्हाळ्यात ते गेले. झोपेतच. तेराव्यानंतर थोड्याच दिवसांनी वकिलांचा फोन आला. कंपनी तडजोडीला तयार होती. जो माणूसच राहिला नाही, त्याला कामावर घेण्याचा प्रश्न उरत नाही. वारसांनी ठरावीक रक्कम घ्यावी आणि निवाडा रद्द करायला संमती द्यावी. हयात असताना ज्याला चोरून कमावणारा ठरवायला कंपनीने माणूस पाठवला, त्याच्या मरणाचीही कंपनीला इतकी सोय झाली!

"निवाडा रद्द झाला म्हणजे यांची बडतर्फी कायम?" मी विचारले.

"कागदोपत्री, हो. पण वहिनी, आता त्याने काय फरक पडतो?"

मला पडतो. त्यांनी झाकण काढले नाही, ही त्यांची चूक नव्हती, असे सरकारी शिक्क्याने सांगणारा तो एकच निकाल आहे. तो पैसे देऊन पुसायचा होता.

मी वकिलांच्या कचेरीत गेले आणि वारस म्हणून माझे नाव खटल्यात लावण्याच्या अर्जावर सही केली.

"किती वर्षं लागतील, सांगता येत नाही हं," ते म्हणाले.

"लागू देत. बेकायदा ते बेकायदा. माणूस गेला म्हणून ते कायदेशीर होतं का?"

अर्जाची दुसरी प्रत त्यांनी माझ्यापुढे सरकवली.