‘यात तू आहेस’ म्हणणारे अण्णा

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. ज्या पुस्तकाने माझं आयुष्य बदललं असं मी इतकी वर्षं सांगत आलो, ते मी अर्धंच वाचलं होतं.

पुस्तक दिलं नरहरीअण्णांनी. मळमड्डीत आमच्याच गल्लीत राहायचे, शाळेत शिकवायचे, आणि संध्याकाळी कट्ट्यावर बसून जाणाऱ्यायेणाऱ्याच्या हातात पुस्तक ठेवायचे. बी. ए. होऊन मी अप्पांच्या हुबळीतल्या कापडदुकानात नुकताच बसू लागलो होतो. अण्णांनी त्यांच्या कानडी सवयीने हाक मारली, “बारप्पा, ये रे बाबा. हे ने. यात तू आहेस.” त्यातला नायक दुकान, घर, सगळं टाकून निघून जातो. तो उंबरा ओलांडतो तिथवर वाचलं आणि मिटून ठेवलं. मला हवं ते मिळालं होतं. अप्पांना म्हणालो, “मला पुढे शिकायचंय. अण्णांनी ओळखलंय मला.” अप्पा तडक त्यांच्या दारात. “मास्तर, पुस्तकं वाटा की हवी तितकी! माझं घर कशाला फोडता?” अण्णांनी अप्पांच्या मागे उभ्या असलेल्या माझ्याकडे एकदा पाहिलं... बोलले काहीच नाहीत. मीही नाही. धाकट्या भावाने, मधूने कॉलेज सोडून दुकान धरलं. मी प्राध्यापक झालो, वाचनातून स्वतःला कसं शोधावं यावर भाषणं देऊ लागलो.

गेल्या महिन्यात अण्णा गेले. शोकसभेत बँकेतले एक गृहस्थ उठले. “अण्णांनी मला पुस्तक दिलं. म्हणाले, यात तू आहेस.” पुस्तक तेच. मग एक वकील उठले... तेच पुस्तक, तेच वाक्य. लोक हसत होते, डोळे पुसत होते. मला मात्र कानफटात बसल्यासारखं झालं. ज्या ओळखीवर मी जन्मभर उभा होतो, ती घाऊक होती! या माणसाने मला फसवलं, हे काही केल्या मनातून जाईना.

त्या रागातच त्यांच्या पत्नीकडे, अक्कांकडे गेलो. त्या म्हणाल्या, “अरे, सगळ्यांनाच देत होते की! कुणीतरी पुरतं वाचून भांडायला येईल, ‘अण्णा, यात मी नाही’ म्हणेल, म्हणून वाट बघायचे. शेजारची सुलभा आली होती एकदा तरातरा. त्या दिवशी स्वतः उठून चहा केला यांनी, आनंदात साखर घालायलाच विसरले! म्हणाले, आता ही स्वतःला शोधेल.” मग म्हणाल्या, “तू नाही आलास. तुझ्या अप्पांनी एवढं ऐकवलं, तरी म्हणायचे, येईल तो.”

घरी येऊन पुस्तक पुरं केलं. त्यात मी नाही. त्या नायकाने निदान दुसऱ्याच्या नावावर घर सोडलं नव्हतं.

मधू शोकसभेला आला नाही. केशवापूरला त्याच्या घरी अण्णांचा विषय निघाला की तो आजही ताटावरून उठतो. आपलं शिक्षण त्यांच्यामुळे सुटलं, असंच तो धरून बसलाय. पुस्तक हातात पडण्याआधीच माझं ठरलं होतं, अण्णांचा त्यात काही दोष नव्हता, हे मी मधूला सांगायला हवं. अजून सांगितलेलं नाही.