चुकीच्या विहिरीवर बसवलेला नकाशा

मागच्या मंगळवारी सकाळी, हडपसरच्या आमच्या ऑफिसात, बसल्या जागी माझे हातपाय गार पडले...

मी नकाशे काढते. सर्व्हेच्या एका छोट्या ऑफिसात पंचवीस वर्षं ट्रेसिंग पेपरवर शाईनं काढले. आता सगळं जीआयएसवर, म्हणजे कॉम्प्युटरवर थरावर थर ठेवून काढायचं... रस्त्यांचा एक थर, पाइपांचा एक, घरांचा एक. साहेब म्हणाले, शिका. नाही जमलं तर काय, ते बोलले नाहीत. मला त्याचीच जास्त धास्ती.

शिकवायला मानसी. माझ्या मुलीपेक्षा वर्षानं लहान. रोज सकाळी एक तास. कळलं नाही तरी मी मान हलवायचे... एवढ्याशा पोरीला किती वेळा विचारायचं!

सोमवारी पहिलं खरं काम आलं, आणि नेमकी मानसी रजेवर. मांजरीत एका नव्या सोसायटीची पाण्याची लाइन टाकायची होती. तिथून जमिनीखालून विजेची मोठी केबल गेली आहे. तिचा जुना कागदी नकाशा स्कॅन करून सॅटेलाइटच्या फोटोवर बसवायचा होता.

त्यासाठी दोन्हीकडे दिसणाऱ्या खुणा शोधायच्या आणि एकीवर एक टाचायच्या. पूल, रस्त्याचं वळण, देऊळ, चौकातला कोपरा, विहीर... पाच खुणा टाचल्या, नकाशा बसला. खाली एक आकडा आला, तो कशाचा ते कळलं नाही. साइटवरचे सुपरवायझर काळे घाई करत होते. मी केबलची रेघ ओढली आणि पाठवून दिली. खरं सांगते, थोडा गर्वच वाटला.

मंगळवारी मानसीनं तोच धडा शिकवला. "हा आकडा मोठा आला ना नसीमाताई, तर समजायचं की एखादी खूण भलत्याच जागी टाचली आहे. मग सगळा नकाशा सरकतो."

मी कालची फाइल उघडली. आकडा चांगलाच मोठा होता. पूल बरोबर, देऊळ बरोबर... विहीर? फोटोत तिथं दोन विहिरी होत्या. मी दुसरीच धरली होती.

आणि तिकडे सकाळपासून जेसीबी लागलेला.

काळेंना फोन लावला. रिंग वाजत राहिली. पुन्हा लावला, पुन्हा तेच... जेसीबीच्या आवाजात ऐकू कसं येणार! मानसीनं एकदा स्क्रीनकडे, एकदा माझ्याकडे पाहिलं आणि हेल्मेट उचललं. "चला."

तिच्या स्कूटरवर मागे बसून मी सारखी फोन लावत होते. मांजरीचं रेल्वे फाटक बंद. मालगाडी... डब्यामागून डबे, संपेचनात. जेसीबी चालवणारा माणूस मी कधी पाहिलाही नव्हता, पण डोळ्यांसमोर तोच. त्याच्या घरी कोण कोण असेल, हेच डोक्यात. या अल्लाह, एवढा वेळ दे... दुसरं काही सुचत नव्हतं.

पोचलो तर जेसीबी बंद. बंद म्हणजे... झालं की काय?

पण जेसीबीचं बकेट वरच्या वर थांबलेलं होतं. आणि त्याच्या बरोबर समोर, उकरलेल्या मातीत, एक साठीची बाई मांडी घालून बसली होती. काळे लालबुंद.

"अहो बाई, नकाशात केबल तिकडं आहे! ऑफिसनं नकाशा दिलाय!"

"नकाशात आसंल," बाई जागची न हलता म्हणाली. "माझ्या रानातनं गेलीया ती. पुरली तवा मी हितंच भाकरी खात बसले हुते."

काळेंनी आम्हाला पाहिलं. त्यांना वाटलं, आता ऑफिसची माणसं आली, बाईला समजावतील.

क्षणभर... लाज वाटते लिहायला... मी गप्प राहिले. नोकरी, पंचवीस वर्षं, सगळं त्या एका क्षणात डोळ्यांपुढून गेलं. मग म्हणाले, "काळे, नकाशा चुकला आहे. मीच चुकवला आहे. बाई म्हणतात ते बरोबर आहे."

माणसं लावून कुदळीनं अलगद खणलं. कमरेइतक्या खोलीवर वाळू लागली, मग केबल वाचवायला टाकतात ती आडव्या विटांची ओळ. त्याखालून केबल. जेसीबीनं उकरलं होतं तिथून फार तर दोन हात. जेसीबीवाला खाली उतरला आणि मातीत बसून राहिला.

त्या बाईंचं नाव अनुसयाबाई. ती जमीन त्यांचीच होती, विकून झाली तरी रोज चक्कर मारतात. मी त्यांचे हात धरले, तर म्हणाल्या, "रडती कशाला? चल, दावते कुठनं कुठवर गेलीया ती."

त्या पुढे, जीपीएस घेऊन मानसी मागे, आणि तिच्यामागे मी. अनुसयाबाई मधेच थांबायच्या, पायानं माती दाबायच्या, "हितनं वळली." प्रत्येक वळणावर मानसीनं पॉइंट घेतला. दुपारी ऑफिसात जुना नकाशा खऱ्या विहिरीवर बसवला, तेव्हा नकाशातली रेघ आणि अनुसयाबाईंनी चालून दाखवलेली रेघ जवळजवळ एकमेकींवर पडल्या.

साहेबांना मी स्वतःच सांगितलं. ते म्हणाले, "पंचवीस वर्षांत 'मला कळलं नाही' हे वाक्य तुमच्या तोंडून ऐकलं नाही. आधी ते शिका, मग जीआयएस."

नोकरी राहिली. भीती मात्र अजून आहे... माउस धरला की प्रत्येक खूण दोनदा तपासते. पण आता न कळलेलं विचारते. मानसी कधी वैतागते, तरी विचारतेच.

जीआयएसमध्ये नकाशावरच्या प्रत्येक रेघेमागे एक तक्ता असतो. त्यात एक रकाना असतो, की ही माहिती आली कुठून. सगळे तिथं नकाशाचा नंबर टाकतात. मी त्या केबलपुढे लिहिलं... 'अनुसयाबाई, मांजरी. स्वतः चालून दाखवली.'